बॉक्सिंगच्या जुन्या फिती, आणि आमच्या माळ्यावरच्या सात कॅसेटी

निळा कोपरा

माळा आवरताना सात व्हीएचएस कॅसेटी सापडल्या. माझे अप्पा भायखळ्याजवळच्या एका बॉक्सिंग क्लबात टाइमकीपर होते. म्हणजे रिंगला लागून टेबल टाकून बसायचं, स्टॉपवॉच बघायचं आणि घंटा वाजवायची. नोकरी गोदीत, हे फावल्या वेळातलं. कॅसेटींवर त्यांच्या अक्षरात साल आणि ‘वार्षिक स्पर्धा’ एवढंच लिहिलंय, १९८९ पासून १९९४ पर्यंत. अप्पा जाऊन सहा वर्षं झाली.

ओळखीतून एक चालू व्हीसीआर मिळाला. मोठ्या हौसेने पहिली कॅसेट लावली. दीपप्रज्वलन, अकरा मिनिटं. प्रमुख पाहुण्यांना शाल-श्रीफळ. मग पाहुण्यांचं भाषण, एक शब्द न गाळता. मग एकदाची बाउट, म्हणजे लढत, सुरू होते, आणि वीसेक सेकंदांत पडद्यावर बदामाचा आकार उघडून त्यातून दुसरीच बाउट बाहेर येते! लग्नाचा व्हिडिओवाला बोलावला होता हे उघड आहे. एके ठिकाणी लोकांचा एकदम गलका उठतो, कोणीतरी आडवं झालंय, आणि नेमका तेव्हा कॅमेरा पहिल्या रांगेत थंडा पिणाऱ्या पाहुण्यांवर. त्याला तरी काय बोलणार? पैसे देणाऱ्यांना जे हवं होतं ते त्याने टिपलं.

वैतागून, बॉक्सिंगच्या लढती मुळात कशा चित्रित करायचे हे वाचायला बसले आणि त्यातच अडकले. सिनेमा आणि बॉक्सिंग एका पाळण्यात वाढलेत हो!

१४ जून १८९४. न्यू जर्सीतल्या वेस्ट ऑरेंजला एडिसनच्या स्टुडिओत मायकेल लेनर्ड आणि जॅक कुशिंग यांची झुंज खास कॅमेऱ्यासाठी लावली. सहा राउंड, प्रत्येक जेमतेम मिनिटाचा, कारण यंत्रात तेवढीच फिल्म मावायची. म्हणजे राउंड किती वेळाचा हे फिल्मच्या लांबीने ठरवलं. लोक पेटीच्या भिंगाला डोळा लावून बघायचे. एका पेटीत एक राउंड. पुढचा बघायचा तर पुढच्या पेटीशी जा, पुन्हा पैसे टाका. आज त्या सगळ्यातलं अर्ध्या मिनिटाच्या आसपास काहीतरी उरलंय.

मिनिटाची अडचण सुटली तीही बॉक्सिंगच्याच लोभापायी. कॅमेऱ्यात फिल्म झटक्याझटक्याने सरकते, त्यामुळे रीळ लांब असलं की ताणाने तुटायचं. लेथम बापलेकांच्या कारखान्यात यावर तोड निघाली. फिल्मची एक सैल कडी सोडायची, म्हणजे झटका त्या कडीतच जिरतो आणि मागच्या रिळापर्यंत पोचत नाही. पतंगाला ढील देतात तसं. याला ‘लेथम लूप’ म्हणतात आणि पुढे सगळ्या सिनेमाने तो वापरला. ४ मे १८९५ ला मॅडिसन स्क्वेअर गार्डनच्या गच्चीवर त्यांनी यंग ग्रिफो आणि चार्ल्स बार्नेट यांची लढत टिपली आणि २० मेला ब्रॉडवेवर तिकीट लावून पडद्यावर दाखवली. ल्युमिएर बंधूंचा पॅरिसचा प्रसिद्ध खेळ त्याच वर्षी २८ डिसेंबरचा! तरी नाव ल्युमिएरांचं झालं. लेथमांची ती फीत आज कुठेच नाही.

मग १७ मार्च १८९७, नेवाडातलं कार्सन सिटी. जेम्स कॉर्बेट विरुद्ध बॉब फिट्झसिमन्स. लेथमांकडे काम केलेला एनॉक रेक्टर रिंगशेजारी लाकडी खोपटं बांधून त्यात तीन कॅमेरे घेऊन बसला, एकातली फिल्म संपेपर्यंत दुसरा फिरता ठेवायचा. फिल्म ६३ मिलिमीटर रुंद, चित्र आडवं पसरट, म्हणजे रिंग या टोकापासून त्या टोकापर्यंत दिसावी. त्यातूनही चौकटीत बसावी म्हणून आयोजकाने रिंगच दोन फुटांनी आखूड करून ठेवली होती. रेफ्रीच्या लक्षात आलं आणि त्याने पुन्हा २४ फुटांची करायला लावली. रिंगच्या कडेला कंपनीचं नाव आणि हक्क राखीव असल्याची पाटी, प्रत्येक चित्रात येईल अशी. सुमारे ११ हजार फूट फिल्म खर्ची पडली. दाखवायला तास-दीड तासाच्या वर. जगातला पहिला पूर्ण लांबीचा चित्रपट म्हणून याचंच नाव घेतात. आणि त्यात आहे काय? दोन माणसं चौदा राउंड मारामारी करताहेत आणि मधल्या मिनिटभराच्या विश्रांतीत स्टुलावर बसताहेत. बस्स. त्याचेही आज तुकडेच शिल्लक आहेत.

तर सांगायचं असं की, इथे कोणी खेळाचं असं जुनं चित्रण हाताळलंय का? या कॅसेटींचं मी काय करू?

बंडूनाना

लेख फक्कड. पण ताई, कुस्ती विसरलात!

हरिश्चंद्र सखाराम भाटवडेकर, म्हणजे आपले सावेदादा. मुंबईत फोटोचं दुकान होतं. १८९६ च्या जुलैत वॉटसन हॉटेलात ल्युमिएरांचा खेळ झाला, तो पाहून त्यांनी इंग्लंडातून कॅमेरा मागवला. १८९९ साली हँगिंग गार्डनला पुंडलिकदादा आणि कृष्णा न्हावी या दोन पैलवानांची कुस्ती त्यावर घेतली. फिल्म धुवायला पुन्हा बोटीने विलायतेला! भारतीय माणसाने घेतलेलं पहिलं चित्रण म्हणून ही कुस्ती सांगतात. पुढे १९०१ मध्ये रँग्लर परांजपे केंब्रिजहून परतले तेव्हाचं स्वागतही सावेदादांनीच टिपलं.

फीत राहिली नाही, पैलवानांची नावं मात्र राहिली. तुमचं उलट आहे. फीत आहे, नावं नाहीत.

मुक्काम_न्यूअर्क

वेस्ट ऑरेंजचा उल्लेख वाचून राहवलं नाही. आमच्याकडून गाडीने फार लांब नाही, आई-बाबा आले की हटकून नेतो. एडिसनचा मूळ स्टुडिओ केव्हाच पाडला, पण आवारात त्याची हुबेहूब प्रतिकृती उभी आहे. बाहेरून डांबरी कागद ठोकलेलं काळंकुट्ट बेढब खोपट. छप्पर उघडतं आणि अख्खी खोली गोल रुळावर फिरवता येते, सूर्य जाईल तिकडे. दिवे पुरायचे नाहीत ना, सगळा कारभार उन्हावर. आत शिरलं की कळतं जागा किती चिंचोळी आहे ते. यात दोन बॉक्सर, रेफ्री, वर ते अवजड कॅमेऱ्याचं धूड. मागे सरकायला जागाच नाही, म्हणून लढती एवढ्या चुरशीच्या झाल्या असतील. :)

रीळवाला

धाग्याचा विषय जिव्हाळ्याचा. फिल्म सांभाळण्याच्या कामात हयात गेली, म्हणून जरा लांबेल.

या फिती का गेल्या? पहिलं कारण, नायट्रेट. त्या काळची फिल्म सेल्युलोज नायट्रेटची, म्हणजे बंदुकीच्या कापसाची (गनकॉटन या स्फोटकाची) सख्खी बहीण. एकदा पेटली की पाण्यातही विझत नाही, स्वतःचा ऑक्सिजन स्वतःच तयार करते. आणि नाही पेटली तरी सडते. आधी चिकट होते, मग मधासारखी घट्ट, शेवटी डब्यात तपकिरी भुकटी. पुण्यात जानेवारी २००३ मध्ये राष्ट्रीय चित्रपट संग्रहालयाच्या नायट्रेट फिल्मना आग लागली ती इथल्या जुन्या मंडळींना आठवत असेल. पुढे अ‍ॅसिटेटची ‘सुरक्षित’ फिल्म आली. ती तशी भडकत नाही, पण दमट हवेत तिचा व्हिनेगर होतो. डबा उघडला की नाकाला कळतं.

दुसरं कारण, जपायची गरजच कोणाला वाटली नाही. लढत जुनी झाली की फीत शिळी. पुढची लढत आली की मागची अडगळीत.

जे वाचलं ते बरंचसं अपघाताने. अमेरिकेत १९१२ पर्यंत चलच्चित्राला स्वतंत्र कॉपीराइट नव्हता, छायाचित्राला होता. मग लोकांनी शक्कल लढवली. अख्खी फिल्म चित्रामागून चित्र अशी कागदी पट्टीवर छापायची आणि ‘हे छायाचित्र आहे’ म्हणून तिथल्या संसदेच्या ग्रंथालयात (लायब्ररी ऑफ काँग्रेस) जमा करायची. मूळ फिल्म जळल्या, सडल्या. कागदाच्या गुंडाळ्या तळघरात पडून राहिल्या. पन्नासच्या दशकात त्या पुन्हा एकेक चित्र करत फिल्मवर उतरवल्या. हक्कासाठी केलेली खटपट, जपणूक झाली ती फुकटात.

आणि एक वेडा माणूस, जिम जेकब्स. हँडबॉलचा राष्ट्रीय विजेता. गावोगाव फिरून, संग्राहकांना गाठून हजारो लढतींची रिळं जमवली. पुढे भागीदार बिल केटनबरोबर त्याचा धंदाही केला. बॉक्सर माइक टायसनचे मॅनेजर ते हेच दोघे. पोरगा टायसन जेकब्सच्या संग्रहातल्या जुन्या लढती रात्र-रात्र बघायचा असं त्यानेच सांगितलंय. १९८८ मध्ये जेकब्स गेला, नव्वदच्या दशकाच्या शेवटी संग्रह ईएसपीएन या क्रीडावाहिनीकडे गेला. आज जुन्या लढती म्हणून आपण जे बघतो त्यातलं पुष्कळसं या एका माणसाच्या हव्यासातून आलंय.

कॅसेटींबद्दल: टेपवर पांढरी भुरी दिसते का ते आधी बघा. मुंबईची हवा आहे, बुरशी असणारच. असेल तर व्हीसीआरला लावू नका. टेप खराब होईल आणि हेडही.

निळा कोपरा

@बंडूनाना, सावेदादांचं माहीतच नव्हतं. “फीत आहे, नावं नाहीत” हे लागलं मनाला.

@रीळवाला, दोन कॅसेटींवर भुरी आहे. बाजूला ठेवल्यात. एक तर मी आधीच लावून बसले होते. :(

शंकासुर

लेख छान, पण फीत म्हणजे जणू साक्षात इतिहास असा सूर लागलाय तो मला पटत नाही.

सिगमंड लुबिन नावाचा फिलाडेल्फियाचा गृहस्थ होता. कार्सन सिटीची खरी फीत बाजारात यायच्या सुमारास त्याने दोन हमाल उभे केले, वर्तमानपत्रातलं वर्णन वाचून दाखवत त्यांच्याकडून तसे ठोसे मारून घेतले आणि तीच लढत म्हणून विकली. ‘प्रतिकृती’ असा शब्द बारीक अक्षरात. पुढे कितीतरी लढतींचं त्याने असंच केलं.

खऱ्या फितीही पूर्ण सत्य सांगत नाहीत. २६ डिसेंबर १९०८, सिडनी. जॅक जॉन्सन हा कृष्णवर्णीय बॉक्सर टॉमी बर्न्सला लोळवतोय. चौदाव्या राउंडला पोलिसांनी लढत थांबवली आणि कॅमेरेही बंद करायला लावले. गोरा विजेता कोसळताना पडद्यावर दिसायला नको. फीत तिथेच तुटते.

४ जुलै १९१० ला अमेरिकेतल्या रेनोमध्ये जॉन्सनने जिम जेफ्रीज या गोऱ्या बॉक्सरला हरवलं. निकाल तारेने गावोगाव पोचला आणि त्याच रात्री अमेरिकाभर दंगली झाल्या, माणसं मेली, बहुतेक कृष्णवर्णीय. शहरांमागून शहरांनी फितीवर बंदी घातली. १९१२ मध्ये थेट कायदाच आला की बॉक्सिंगची फीत एका राज्यातून दुसऱ्या राज्यात न्यायची नाही. तो रद्द झाला १९४० मध्ये. अठ्ठावीस वर्षं! लढत बघायला बंदी नाही, लढतीची फीत नेली तर गुन्हा. १९१५ मध्ये क्युबातल्या हवानाला जॉन्सन हरला, ती फीतही या कायद्याने अडकली. तेव्हा एका पठ्ठ्याने कॅनडाच्या सरहद्दीवर यंत्र मांडलं. फीत त्या बाजूला, कोरी फिल्म या बाजूला. उजेड सरहद्द ओलांडतो, वस्तू ओलांडत नाही! कोर्टाने मानलं नाही, ते सोडा.

त्यामुळे फीत बघताना कॅमेरा कुठे होता यापेक्षा कॅमेरा कोणाच्या सांगण्यावरून थांबला हे आधी विचारावं. निळा कोपरा यांच्या लग्नवाल्याला मी या दृष्टीने प्रामाणिक म्हणेन. पाहुणे महत्त्वाचे होते, तेच दिसतात.

रीळवाला

शंकासुर, मुद्दा मान्य. पण उलटी बाजूही आहे. फीत नसती तर जॉन्सनचा खेळ आपण गोऱ्या वार्ताहरांच्या शब्दांतच वाचला असता. रेनोची फीत बघा. जेफ्रीज थकलेला आहे आणि जॉन्सन त्याच्याशी गप्पा मारत खेळतोय. बंदी घालणाऱ्यांना नेमकं हेच टोचलं होतं.

१९८८ चं सोल ऑलिंपिक घ्या. अंतिम लढतीत अमेरिकेच्या रॉय जोन्सला कोरियाच्या पार्क सी-हुनविरुद्ध ३-२ ने हरवलं. टीव्हीच्या चित्रणावरून लागलेले ठोसे मोजले तर जोन्सचे ८६, पार्कचे ३२. पदक बदललं नाही, पण १९९२ च्या ऑलिंपिकपासून गुण द्यायला बटणवाली यंत्रं आली. पाच पंच, त्यातल्या तिघांनी सेकंदभरात बटण दाबलं तरच गुण.

आता फितीवर घड्याळ लावायचं असेल तर एक इशारा. २२ सप्टेंबर १९२७, शिकागो. सातव्या राउंडला जॅक डेम्प्सीने विजेत्या जीन टनीला पाडलं. नवा नियम असा की पाडणाऱ्याने आधी दूरच्या कोपऱ्यात जायचं, मगच मोजणी सुरू. डेम्प्सी तिथेच घुटमळला. टनी नऊवर उठला, पण प्रत्यक्षात चौदाच्या आसपास सेकंद गेली होती असं लोक फीत लावून सांगतात, आजतागायत भांडतात. पण मूकपटाच्या काळात हाताने फिरवायच्या कॅमेऱ्याचा वेग ठरलेला नसे. सेकंदाला सोळा चित्रांनी घेतलेली चौदा सेकंदं आजच्या चोवीसच्या वेगाने चालवली तर सव्वानऊच्या आसपास संपतात. वाद मिटला, टनी बिनडाग! जुने बॉक्सर चार्ली चॅप्लिनसारखे तुरुतुरु नाचताना दिसतात तेही यामुळेच. ते तसे खेळत नव्हते हो, आपण त्यांना चुकीच्या वेगाने पळवतो.

सईची आई

सगळा धागा एका दमात वाचला. माझी मुलगी चौदा वर्षांची आहे, जिल्हा स्पर्धेत खेळते. आम्ही पालक मोबाइलवर शूट करतो, ते बहुतेक दोरांचं आणि समोरच्या काकांच्या टकलाचं होतं. कोच म्हणतात याचा काही उपयोग नाही. नीट कसं करायचं कोणी सांगेल का?

रीळवाला

ताई, रेक्टरने १८९७ मध्ये केलं तेच. कॅमेरा एका जागी, अख्खी रिंग चौकटीत, आणि घंटा ते घंटा हात लावायचा नाही. झूम नको, मुलीच्या मागे मागे फिरवणं नको. दोर आडवे येतात म्हणून वरच्या दोरापेक्षा थोडा उंच स्टँड घ्या. पंचांच्या टेबलामागे जागा मिळाली तर उत्तम. मोबाइल आडवा धरा हे सांगायला नको. हॉलमध्ये ट्यूबलाइट असतील तर चित्र लुकलुकतं, कारण आपली वीज पन्नास हर्ट्झची आहे. सेटिंगमध्ये सेकंदाला २५ किंवा ५० फ्रेम (चित्रं) ठेवा, ३० किंवा ६० नको.

आणि सर्वांत महत्त्वाचं म्हणजे प्रत्येक बाउटआधी वहीच्या पानावर तारीख, गाव, वजनगट, लाल कोपरा कोण, निळा कोपरा कोण हे मोठ्या अक्षरात लिहून पाच सेकंद कॅमेऱ्यासमोर धरा. दहा वर्षांनी फाइलचं नाव बदललेलं असेल, पान तिथेच असेल. समोरची मुलगीही कोणाची तरी लेक आहे, तेव्हा इंटरनेटवर टाकण्याआधी तिच्या घरच्यांना विचारा.

@निळा कोपरा, डिजिटल करून घेताय ना? मग एक खूणगाठ. टेप खराब असेल तर उतरवताना मधल्या फ्रेम गळतात आणि कळतही नाही. तुमच्याकडे मोजपट्टी आयती आहे. मोठ्यांचा राउंड तेव्हा तीन मिनिटांचा असायचा. एखादी बाउट सलग असेल तर घंटा ते घंटा वेळ लावून बघा. तीन मिनिटं भरली तर उतरवणी चोख.

सईची आई

खूप धन्यवाद! वहीचं पान हे डोक्यातच आलं नव्हतं. रविवारी करून बघते.

निळा कोपरा

बरेच दिवसांनी येतेय. पाच कॅसेटी उतरवून झाल्या. एक दुकानदार “भाषणं कापून देऊ का, फाइल लहान होईल” म्हणाला, त्याच्याकडून उठून आले आणि घरीच केलं.

चार कॅसेटींमध्ये तेच, शाल, श्रीफळ, बदाम. १९९१ च्या कॅसेटमध्ये मात्र एक बाउट अथपासून इतिपर्यंत आहे. कॅमेरा हलत नाही, एक कोपरा कापला गेलाय, दोर आडवे. व्हिडिओवाला बहुधा कॅमेरा स्टँडवर सोडून जेवायला गेला असावा. त्या माणसाने केलेलं सगळ्यात चांगलं काम! अप्पा कुठेही दिसत नाहीत, टेबल चौकटीच्या बाहेर आहे. घंटा ऐकू येते.

रीळवाला म्हणाले तसं मोजलं. पहिला राउंड तीन मिनिटं. दुसरा तीन मिनिटं. तिसरा दोन मिनिटं एक्कावन्न. फ्रेम गळाल्या म्हणून पुन्हा उतरवला. पुन्हा दोन एक्कावन्न.

मग तो शेवट नीट बघितला. निळ्या कोपऱ्यातला मुलगा दोरांना पाठ लावून उभा आहे, हात खाली आलेत. लाल वाला मारतोय, एक, दोन, तीन, चार. रेफ्री दुसऱ्या बाजूला, त्याला मुलाचा चेहरा दिसत नाहीये. पाचवा ठोसा निघतो आणि घंटा होते.

आईला हाक मारून दाखवलं. म्हटलं, अप्पांचं घड्याळ नऊ सेकंद पुढे होतं बघ. आई पदराने चष्मा पुसत म्हणाली, “त्यांचं घड्याळ नेहमी बरोबर असायचं. पोरगं मार खात असलं की मात्र पुढे जायचं. क्लबात माहीत होतं सगळ्यांना, बोलायचं कोणी नाही.”

शंकासुर

घ्या. सापडला पुरावा, तोही टाइमकीपरविरुद्ध. मी माझे शब्द अर्धे मागे घेतो.

रीळवाला

दोन्ही वेळा एक्कावन्नच आले म्हणजे फ्रेम गळालेल्या नाहीत. ती फाइल आहे तशी ठेवा, तीन ठिकाणी. कॅसेटही टाकू नका. मागची छोटी प्लॅस्टिकची पट्टी मोडून टाका, म्हणजे चुकून वर काही रेकॉर्ड व्हायचं नाही.

बंडूनाना

आणि त्या निळ्या कोपऱ्यातल्या पोराचं नाव?

निळा कोपरा

आईला आडनाव आठवतंय. उद्या क्लबात जाऊन येते.